शिडीची चाबी

तुरीच्या हंगामात जीवन गेला आणि पावसाळा सरता सरता त्याची बायको रुख्मिणी त्याच डाळ मिलमध्ये कामाला लागली. शिवणीतल्या त्यांच्या गल्लीत याची बरीच चर्चा झाली. ज्या मिलनं नवरा नेला तिथंच ही डाळ निवडायला जाते, असं बायका नळावर म्हणत. सासू केशरबाई तर तोंडावर बोलली.

"माया पोराचा जीव गेला तिथची भाकर मले गोड लागत नाई वं."

रुख्मिणी डबा घेऊन कामावर निघून गेली. हिवरखेडहून तिचा भाऊ येऊन गेला होता. त्याचा भाजीपाल्याचा मळा होता, घर मोठं होतं, बहिणीला घेऊन जायची त्याची मनापासून तयारी होती. पण मुलगी करिश्मा अमरावतीला, राजापेठेतल्या एका क्लासला होती. जीवननं स्वतः पोरीची गादी डोक्यावर घेऊन तिला होस्टेलच्या जिन्यापर्यंत पोचवलं होतं. त्या पोरीला परत बोलवायचं नाही, एवढं एकच रुख्मिणीनं मनाशी धरलं होतं. बाकी कुठं काम करायचं आणि लोक काय म्हणतात, हे सगळं त्याच्या मागून येत होतं.

मिल ओमप्रकाश शेठची. अकोल्याच्या एमआयडीसीत अशा डाळ मिली पुष्कळ आहेत. ट्रकमधून तूर उतरते, जमिनीखालच्या खड्ड्यात पडते आणि तिथून एलिवेटर तिला वर नेतो. एलिवेटर म्हणजे उभा लोखंडी मनोरा. त्याच्या आत पट्ट्याला वाट्या लावलेल्या असतात, त्या तूर भरभरून वर नेतात आणि चाळण्यांवर ओततात. वरच्या टोकाला मोटर असते, बेअरिंग असतात. त्यांना ग्रीस द्यायला, पट्टा ताणायला माणूस चढावाच लागतो. त्यासाठी मनोऱ्याला जखडलेली सरळ उभी शिडी, चार मजल्यांच्या घराएवढी उंच, आणि शिडीभोवती लोखंडी कड्यांचा पिंजरा. जीवन मिलचा फिटर. ती शिडी तो आठवड्यातून कितीदा चढायचा याची गणती कुणी ठेवली नव्हती. एका सकाळी उतरताना त्याचा हात सुटला.

दवाखान्याच्या दारात सगळ्यांनी तिला एकच सांगितलं होतं. जागीच गेला, त्रास झाला नाही. रुख्मिणीनं ते वाक्य धरून ठेवलं. रडू आलं की ती ते स्वतःला ऐकवायची. मिलमध्ये येताना मात्र ती गोदामाच्या मागच्या बाजूनं यायची, म्हणजे शिडी नजरेला पडत नसे.

दिवाळीच्या आधी अमरावतीहून वर्षाली नावाची एक बाई आली. कारखान्यांतल्या सुरक्षेचं काम ती पाहायची. अपघाताची चौकशी झाल्यावर शेठनं तिला बोलावून घेतलं होतं. वयानं तिशीची, पायात जाड बूट, आवाज शांत. तिनं मिल बंद करायला लावली आणि सगळ्यांना अंगणात गोळा केलं. निवडणाऱ्या बायाही आल्या. त्या दिवशी रुख्मिणीला शिडीसमोर उभं राहावंच लागलं. ती मागच्या रांगेत, खाली पाहत उभी राहिली.

"हा पिंजरा कशासाठी लावलाय?" वर्षालीनं विचारलं.

"मानूस पडू नये म्हनून," सागर म्हणाला. सागर जीवनचा धाकटा भाऊ. जीवननंच त्याला मिलमध्ये लावलं होतं. आता फिटरचं काम त्याच्या अंगावर आलं होतं.

"सगळ्यांना असंच वाटतं," वर्षाली म्हणाली. "वर्षानुवर्षं कारखान्यांत असेच पिंजरे लावत आले. चढताना पाठीमागं काहीतरी आहे म्हणून धीर येतो, दमलं तर पाठ टेकता येते. पण हात सुटला की पिंजरा माणसाला थांबवत नाही. माणूस बाहेर फेकला जात नाही एवढंच. तो आतल्या आत खाली येतो, कड्यांवर आपटत. आणि मध्येच अडकला तर त्याला काढणं फार कठीण होतं." ती थांबली. मग तिनं विचारलं, "इथं अपघात झाला तेव्हा त्यांना बाहेर कसं काढलंत?"

गड्यांनी एकमेकांकडं पाहिलं. शेवटी अब्दुल सत्तार पुढं झाले. मिलमधले सगळ्यात जुने मिस्त्री. जीवन त्यांच्याच हाताखाली तयार झाला होता, आणि त्या सकाळी शिडीच्या पायथ्याशी तेच उभे होते.

"अर्ध्यावर येऊन अडकला थो," ते म्हणाले. "पाय कडीत गेलता. वरून जावं तं जागा नाई, खालून जावं तं ओढता येईना. मग ग्यास कटर आनला. पिंजरा कापून काढला त्याले."

"तोपर्यंत शुद्धीत होते?"

सत्तारभाईंना मागच्या रांगेत कोण उभं आहे याचा विसर पडला असावा. "होता ना," ते म्हणाले. "बोलत होता."

रुख्मिणीनं मान वर केली. बाजूच्या बाईनं तिचा दंड धरला, तो सोडवून ती माणसांमधून वाट काढत पुढं आली. सत्तारभाईंना ती दिसली आणि त्यांचा चेहरा उतरला.

"तुमी तं जागीच गेले म्हनले होते," ती म्हणाली.

"भाभी—"

"किती वेळ बोलत होते?"

"कटर येईस्तोवर. थोडं पुढंही."

"काय बोलले?"

सत्तारभाईंनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली. "पानी मागतलं. अन् म्हने, एलिवेटर बंद करा, पट्टा रिकामा फिरून राहिला. दोनदा म्हने. मी बंद करून आलो तं... तुमचं नाव घेऊन राहिला होता. मंग नाई बोलला."

ऊन अंगणात सरळ पडलं होतं. रुख्मिणीनं तेव्हा शिडीकडं पाहिलं, खालून वर, टोकापर्यंत. मधल्या दोन कड्या कापलेल्या होत्या आणि कापलेल्या जागी काळं पडलं होतं. ती रडली नाही. पदर डोक्यावर ओढून घेऊन ती पुन्हा डाळीच्या सुपापाशी जाऊन बसली. मिल बंद होती, तरी ती निवडत राहिली.

वर्षालीनं सांगितलं ते शेठनं मुकाट्यानं केलं. उरलेला पिंजरा काढून टाकला. शिडीच्या मधोमध वरपासून खालपर्यंत पोलादी दोर ताणून बसवला. दोरावर सरकणारी एक पकड आली, अंगात घालायचे पट्ट्यापट्ट्यांचे बेल्ट आले. बेल्ट छातीपाशी पकडीला अडकवायचा. माणूस चढेल तशी पकड त्याच्याबरोबर वर सरकते, उतरताना खाली येते. पण अचानक झटका बसला तर ती दोराला चावून जागच्या जागी थांबते. गडी तिला खेकडा म्हणायला लागले. शिडीच्या तोंडाशी जाळीचं दार बसलं आणि दाराला कुलूप. बेल्ट नाही तर चाबी नाही, असा नियम झाला.

चाबी कुणाकडं ठेवायची यावर शेठच्या खोलीत बोलणं झालं. चौकीदाराकडं ठेवली तर कुणीही मागून नेईल. मॅनेजरकडं ठेवली तर घाईच्या दिवशी तोच म्हणेल, जाऊ दे. सत्तारभाई म्हणाले, "रुख्मिणीभाभीकडं द्या. तिच्यापुढं कोनाची जीभ नाई रेटनार."

रुख्मिणीला बोलावलं तेव्हा ती आधी नको म्हणाली. रोज त्या शिडीपाशी बसायचं, हे तिला झेपणारं नव्हतं. पण घरी जाऊन चूल पेटवताना तिच्या कानात एकच वाक्य घुमत राहिलं, पट्टा रिकामा फिरून राहिला. कडीत पाय अडकलेला, मरणाच्या दारात असलेला माणूस मिलचा पट्टा तुटेल म्हणून काळजी करत होता. आणि त्याच्या जिवाची काळजी करायला तिथं एक दोरसुद्धा नव्हता. दुसऱ्या दिवशी तिनं चाबी घेतली, काळ्या दोऱ्यात ओवली आणि गळ्यात घातली.

हे सागरला लागलं. त्यानं पहिल्या दिवशी काही म्हटलं नाही. बेल्ट घातला, खेकडा लावला, चढला, उतरला. पण तुरीचा हंगाम सुरू झाला, ट्रकांची रांग रस्त्यापर्यंत गेली, तसं ते सारखं बांधणं-सोडणं त्याला नकोसं झालं. एकदा वरच्या मोटरचं झाकण वाजत होतं. तो नुसता पाना घेऊन आला.

"वयनी, चाबी दे. एक बोल्ट कसाचा हाय. गेलो न आलो."

"बेल्ट घाल."

"बेल्ट घालास्तोवर काम होते."

"मंग काम थांबू दे."

बाजूला हमाल उभे होते. एक हसला. सागरचा चेहरा लाल झाला. तो गेला, बेल्ट घालून आला आणि काम करून उतरला. त्या दिवसापासून त्यानं तिच्याशी बोलणं टाकलं. घरी ती ताट वाढायची तर तो उठून स्वतः वाढून घ्यायचा. केशरबाई सारं पाहत होती, पण कुणाचीच बाजू घेत नव्हती.

एका संध्याकाळी रुख्मिणीनंच विषय काढला. "सागर, मी तुयं काय वाईट केलं?"

त्यानं ताट बाजूला सारलं. मग म्हणाला, "सारे म्हनतात, बेल्ट असता तं जीवन वाचला असता. म्हंजे माया भाऊ बेल्ट नाई घातला म्हनून मेला. अडानी होता. हयगयीनं मेला. तू रोज चाबी गळ्यात घालून हेच सांगून राहिली साऱ्याईले."

असा विचार रुख्मिणीच्या मनात कधी आलाच नव्हता. "त्याईले कोनं बेल्ट देल्ला होता, सागर?" ती म्हणाली. "देल्ला असता अन् नसता घातला, तं गोष्ट येगळी."

सागर उठून बाहेर गेला. पटलं की नाही, ते त्याच्या चालण्यावरून कळलं नाही.

हंगाम ऐन भरात होता तेव्हा वर्षाली पुन्हा एकदा आली. या वेळी तिनं एक पिशवी आणली होती. पिशवीत लांब दोर, एक पुली आणि दोन हुकांची एक जाड दोरी. तिनं सत्तारभाईंना, सागरला आणि चाबी सांभाळणाऱ्या रुख्मिणीलाही समोर घेतलं.

"खेकडा माणसाला पडू देणार नाही," ती म्हणाली. "पण तो लटकत राहील, आणि लटकणं धोक्याचं असतं. मांड्यांचे पट्टे आवळतात, रक्त पायांत साठतं, थोड्या वेळात शुद्ध जाते. कधी जीवही जातो. म्हणून त्यानं पाय हलवत राहायचं, आणि बाकीच्यांनी त्याला लगेच खाली आणून आधी पट्टे ढिले करायचे. ज्या दोरावर तो लटकलाय त्याच्यावर दुसऱ्यानं भार द्यायचा नाही. वर जाणाऱ्यानं हे दोन हुक घ्यायचे. एक शिडीला अडकवायचा, मग दुसरा सोडायचा. कुठल्याही क्षणी एक हुक अडकलेला हवा."

सागर तोंड वाकडं करून शिकला. पण शिकला. पिशवी शिडीजवळच्या पेटीत ठेवली गेली.

होळी उलटून गेल्यावरची गोष्ट. दुपारची जेवणं झाली होती. सत्तारभाई वर ग्रीस द्यायला चढले. खरं तर ते सागरचं काम होतं, पण बेअरिंगचा आवाज मिस्त्रींना स्वतः ऐकायचा होता. बेल्ट त्यांनी नेहमीसारखा नीट घातला. रुख्मिणीनं दार उघडलं, ते चढले, तिनं दार लावलं आणि स्टुलावर बसली. ते वर पोचून मचाणावर पाय टाकणार तेवढ्यात मचाणाखालून कबुतरांचा थवा फडफडत त्यांच्या तोंडावर आला. डाळ मिलमध्ये कबुतरं असायचीच. पण अवचित आली. सत्तारभाईंचा हात डोळ्यांपाशी गेला आणि पाय सरकला.

रुख्मिणीला वरून एक कडक आवाज ऐकू आला, लोखंडावर लोखंड आदळल्यासारखा. तिनं वर पाहिलं. सत्तारभाई शिडीपुढं लटकत होते, हातभर खाली येऊन. ग्रीसचा डबा खाली पडून तिच्या पायाशी फुटला.

खेकड्यानं दोर धरला होता. माणूस पडला नव्हता. हे लक्षात यायला तिला एक श्वास लागला.

"सत्तारभाई," ती ओरडली, "शिडी धरा."

"हात..." वरून आवाज आला. "हात उठत नाई. खांदा गेला."

एक हात लोंबत होता. दुसऱ्या हातानं ते पायरी पकडायचा प्रयत्न करत होते, पण अंग दोराभोवती फिरत होतं आणि पाय पायरीला लागत नव्हते. माणसं धावत आली. कुणी मोटर बंद केली. सागर तिकडून पळत आला आणि थेट जाळीच्या दाराला भिडला. अंगात बनियन, खांद्यावर दुपट्टा, बस.

"चाबी दे."

"बेल्ट घाल."

"मानूस मरून राहिला वर." त्याचा आवाज फाटला. "तुले बेल्ट सुचते?"

"एक उतरवाले दुसरा नाई पाडाचा मले." तिनं पेटी उघडून दुसरा बेल्ट त्याच्यापुढं धरला. "जेवढा भांडशीन तेवढा येळ जाईन. पाय टाक."

सागरनं क्षणभर तिच्याकडं पाहिलं आणि पाय टाकला. तिनं गुडघ्यावर बसून मांड्यांचे पट्टे ओढले, बकलं लावली, छातीचा पट्टा आवळला. रोज डाळीतला खडा टिपणारे तिचे हात तेव्हा एकही बकल चुकले नाहीत. दोन हुकांची दोरी तिनं त्याच्या छातीला अडकवली आणि ओढून पाहिली. पिशवी त्याच्या पाठीवर टाकली. मग गळ्यातली चाबी काढून तिनं कुलूप उघडलं. नवऱ्याचा सख्खा भाऊ तिच्या हातानं त्या शिडीवर चढला.

एक हुक अडकवायचा, दुसरा सोडायचा. खालून ते फार हळू वाटत होतं. हमाल ओरडत होते, चढ ना बे, लवकर. रुख्मिणी वरच्या माणसाशी बोलत होती.

"सत्तारभाई, पाय हलवा. मॅडमनं सांगतलं तसं पाय हलवा. सागर येऊन राहिला."

पाय हलायचे, थांबायचे. उत्तर येईनासं झालं. मान छातीवर पडली.

सागर त्यांच्यापाशी पोचला. तिनं पाहिलं, त्यानं खांद्यावरचा दुपट्टा काढला, पायरीला बांधून त्याचा फास केला आणि सत्तारभाईंचा एक पाय उचलून त्यात ठेवला. मग त्यांना कमरेत धरून उभं केलं. मांड्यांचे पट्टे सैल पडले. बराच वेळ तो तसाच त्यांचा भार अंगावर घेऊन थांबला. त्यांच्या कानाशी काहीतरी बोलत होता. शेवटी सत्तारभाईंची मान वर झाली. तेव्हा सागर बाजूनं वर सरकला, मचाणाच्या लोखंडी बारला पुली अडकवली, दोर त्यांच्या बेल्टला लावला आणि दुसरं टोक खाली सोडलं.

"खांबाले एक येढा घाला," तो वरून ओरडला. "अन् सारे मिळून ओढा. मी सांगीन तवा थांबा."

दोर खांबाभोवती गेला. हमालांनी धरला, चौकीदारानं धरला, बायांनी धरला. रुख्मिणीनं सगळ्यात पुढं धरला. ओढलं तसे सत्तारभाई चार बोटं वर उचलले गेले. सागरनं त्यांच्या छातीचा खेकडा सोडवला आणि आता सगळा माणूस खालच्यांच्या हातात आला. दोर तळव्यांना कापत होता.

"सोडा. हळू. आनखी हळू."

पायरी पायरीनं ते खाली येत गेले. सागर त्यांच्या बरोबर उतरत होता, एक हुक, दुसरा हुक, एका हातानं त्यांचं अंग शिडीपासून सावरत. सत्तारभाईंचे पाय जमिनीला लागले तेव्हा माणसांनी त्यांना झेललं. वर्षालीनं सांगितल्याप्रमाणे बेल्टचे पट्टे आधी ढिले केले आणि त्यांना आडवं केलं. त्यांचे डोळे उघडे होते. ओठ काळेनिळे पडले होते. त्यांनी सागरकडं पाहिलं, मग रुख्मिणीकडं, आणि काहीतरी म्हणायला गेले. तिनं त्यांच्या ओठांना पाणी लावलं.

गाडी त्यांना घेऊन दवाखान्यात गेली. अंगणात माणसं तशीच उभी होती, कुणाला कामाचं सुचत नव्हतं. रुख्मिणीला अंगणाबाहेर जावंसं वाटलं. ती गोदामाच्या मागं गेली. तिथं पोत्यांच्या थप्पीला टेकून बसली आणि दोरानं सोललेले तळवे तिनं पदरात दाबून धरले. थोड्या वेळानं कुणीतरी येऊन तिच्या शेजारी बसलं. सागर होता. बेल्ट अजून अंगावरच होता, त्याला तो सोडायचंही भान नव्हतं.

"वर गेलो तवा," तो म्हणाला, "एका जागी मले आठोलं. इथंच थो अडकला होता. अर्ध्यावर. तवा पिंजरा होता, वयनी. पिंजऱ्यात मले जाताच नसतं आलं. काढताच नसतं आलं मले."

"नाई आलं असतं."

"त्याची चूक नव्हती."

"नव्हती," रुख्मिणी म्हणाली. आणि मग ते दोघं, मिल सुरू झाल्याचा आवाज येईपर्यंत, तिथं बसून रडले.

सत्तारभाईंचा खांदा निखळला होता, बरगडीला तडा गेला होता. अकोल्याच्या दवाखान्यातून ते घरी आले तेव्हा उन्हाळा चांगलाच तापला होता. डॉक्टरांनी चढण्याचं काम बंद सांगितलं. शेठनं त्यांना खालच्या मशीनवर घेतलं. शिडीवरची कबुतरांची घरटी काढून मचाणाखाली जाळी मारली आणि मध्यावर दम घ्यायला एक छोटं मचाण बसवलं. महिन्यातून एकदा पिशवी उघडून सगळ्यांनी दोर धरायचा, असंही ठरलं. हमालांनीही कुरकुर केली नाही.

एका दुपारी सत्तारभाईंची बायको हलीमाबी शिवणीला रुख्मिणीच्या घरी आली. हातात आंब्यांची पिशवी होती. जीवन असताना दोघी लग्नकार्यात भेटायच्या, तेवढीच ओळख. केशरबाईनं तिला आत घेतलं, पाणी दिलं आणि ती बाहेरच्या बाजेवर जाऊन पडली. हलीमाबी बराच वेळ इकडचं तिकडचं बोलली. मग थांबली.

"मले काहीतरी बोलाचं होतं," ती म्हणाली. "शुक्रिया म्हनाले आली, पन तोंडातून निघून नाई राहिलं."

"म्हनू नका," रुख्मिणी म्हणाली. "मी सांगते तुमाले काय झालं थे. सत्तारभाई जित्ते खाली आले ना, त्याईचे पाय भुईले लागले, तवा पयले मले आनंद नाई झाला. पयले राग आला. याईच्यासाठी दोर होता, अन् माया मानसासाठी कावून नव्हता. एक घडीभर असं वाटलं मले. कोनाले सांगतलं नाई."

हलीमाबीनं नजर उचलली नाही. साडीचा काठ ती बोटावर गुंडाळत राहिली.

"जीवनभाऊ गेले त्या दिवशी," ती सावकाश म्हणाली, "हे घरी आले. कपड्याईवर रक्त. मी दारातच विचारलं, तुमी कुठं होते? म्हने, खाली उभा होतो. मी आत जाऊन नमाज पढली. अल्लाचा शुक्र केला का हे खाली होते, वर नाई. तुमचा मानूस मेला होता अन् मी शुक्र करून राहिली होती. तुमच्या घरी बसाले आली तवा तुमच्या डोळ्यात पाहू नाई शकली मी."

रुख्मिणीला तो दिवस आठवला. दारात बुरख्यातली एक बाई खाली मान घालून बसली होती. किती वेळ बसली, कधी उठून गेली, काही कळलं नव्हतं.

"म्या बी तेच केलं असतं," ती म्हणाली.

तिनं चहा टाकला. हलीमाबी नको नको म्हणत प्याली. केशरबाईलाही बाहेर कप नेऊन दिला, तर म्हातारी म्हणाली, साखर कमी झाली, आणि तरी सगळा प्याली. ऊन उतरल्यावर हलीमाबी निघाली. रुख्मिणी तिला ऑटोपर्यंत सोडायला एमआयडीसीच्या रस्त्यानं चालू लागली.

रस्त्याच्या कडेला दुसरी एक मिल होती. कंपाउंडच्या वर तिचा एलिवेटर दिसत होता आणि त्याला पिंजऱ्याची शिडी. एक माणूस कमरेला पाना खोचून चढत होता. अंगावर बेल्ट नव्हता. दोर तर तिथं नव्हताच. हलीमाबी थांबली. रुख्मिणीही थांबली.

"ओळखीचा हाय का?" हलीमाबीनं विचारलं.

"नाई."

हाक मारावी तर तो दचकेल. रुख्मिणीला ते कळत होतं. उद्या सकाळी सागरला घेऊन या मिलच्या गेटवर जायचं, तिथल्या मॅनेजरला इकडची शिडी येऊन पाहा म्हणायचं, एवढं तिनं तिथल्या तिथं ठरवलं. मागं ऑटोवाल्यानं हॉर्न वाजवला. हलीमाबीनं त्याला हातानंच थांब म्हटलं.

माणूस एकेक पायरी चढत वर गेला. वर पोचला, मचाणावर वाकून काहीतरी करत राहिला, आणि मग पाठमोरा होऊन उतरायला लागला. त्याचा पाय जमिनीला लागून तो कंपाउंडच्या भिंतीआड दिसेनासा होईपर्यंत दोघी उन्हात तिथंच उभ्या होत्या.